जमीनजुमला : वाचकांचे प्रश्न – मुदत उलटल्यावर अपील

प्रश्न : राजापूर तालुक्यात आजोबांच्या नावची सामाईक जमीन आहे. आम्ही मुंबईत राहतो. यंदा मे महिन्यात सातबारा काढला, तर वडिलांचं नाव गायब. २०१९ च्या फेरफाराने (हक्कबदलाच्या नोंदीने) फक्त चुलत्यांची नावं राहिली आहेत. अपिलाचे साठ दिवस केव्हाच संपले, असं तलाठी म्हणतात. आता काय करावं?

उत्तर : साठ दिवस बरोबर, पण ते कधीपासून मोजायचे ते महत्त्वाचं. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम २५० प्रमाणे ही मुदत आदेश अपीलदाराला मिळाल्यापासून धरतात, नोंद मंजूर झाल्यापासून नव्हे. तरीही ‘आम्ही मुदतीतच आहोत’ यावर विसंबू नका. प्रांतांकडे (उपविभागीय अधिकाऱ्यांकडे) अपील दाखल करताना कलम २५१ खाली विलंबमाफीचा वेगळा अर्ज आणि शपथपत्र सोबत जोडाच.

त्याआधी कागद गोळा करा. नुसता सातबारा पुरत नाही. फेरफाराची (गाव नमुना ६) साक्षांकित नक्कल घ्या, आणि तिच्यामागची वर्दी (नोंदीसाठी दिलेली खबर), जबाब, वारस तपास आणि कलम १५०(२) ची नोटीसही मागा. नोटीस हातात आली की आधी सही बघा. हितसंबंध असलेल्या प्रत्येकाला लेखी नोटीस द्यावी लागते. पण चाकरमान्यांच्या फायलीत ‘सर्वांतर्फे’ म्हणून गावातल्याच कुणाची तरी सही असते, नाहीतर पत्त्याच्या जागी ‘रा. मुंबई’ एवढंच असतं. तुमच्या फायलीत तसं निघालं तर विलंबमाफीच्या अर्जाचा कणा तोच. नाव हक्कसोड म्हणून कमी केलं असेल तर नोंदणीकृत दस्त मागा. तो नसताना साध्या जबाबावर हक्क सुटत नाही. हा मुद्दा मात्र अपिलात घ्या, विलंबाच्या अर्जात त्याची भेसळ नको.

अर्ज पडतो तो बहुधा तारखांवर. ‘नुकतंच समजलं’ हे वाक्य लिहून चालत नाही. कोणत्या दिवशी, कुठे, कोणता कागद पाहून समजलं ते लिहा, आणि त्यानंतर नकलेचा अर्ज कधी केला, ती कधी मिळाली, वकिलांना कधी भेटलात, हे ओळीने मांडा. मे महिन्यात कळलं आणि अपील दिवाळीनंतर, तर मधल्या महिन्यांचा हिशेब द्यावाच लागेल. तुम्हीच २०२१ मध्ये कुठल्या तरी कामाला तोच सातबारा जोडला असेल आणि समोरच्याने तो काढून दाखवला, तर बाकीचं खरंही कुणी ऐकणार नाही. करोनाचं कारण आंधळेपणाने घालू नका. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सर्वोच्च न्यायालयाने मुदतीतून वगळला होता. पण मुदत २०१९ मध्येच संपली असं धरलं गेलं, तर त्या सवलतीचा फायदा नाही.

नुसत्या अपिलाने नोंदीला स्थगिती मिळत नाही. त्यासाठी कलम २५६ खाली त्याच दिवशी वेगळा अर्ज द्या. सातबाऱ्यावर मोजकीच नावं असली की जमिनीला गिऱ्हाईक लवकर लागतं.

प्रांत मालकी ठरवत नाहीत, नोंद बरोबर की चूक एवढंच बघतात. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतून वगळलेल्याला हिश्शासाठी दिवाणी दाव्याची मुदत वगळल्याचं कळल्यापासून १२ वर्षं आहे. प्रांतांकडच्या तारखा मोजत बसाल तर हे घड्याळ थांबत नाही.

प्रश्न : आमचा मालकीचा दावा कनिष्ठ स्तर न्यायालयात १० फेब्रुवारी २०२५ ला फेटाळला. वकिलांनी २० तारखेला नकलेचा अर्ज केला, नक्कल ६ मार्चला तयार झाली. आम्हाला मात्र निकाल गणपतीत गावी आल्यावर कळला.

उत्तर : जिल्हा न्यायालयातल्या अपिलाला ३० दिवस, म्हणजे १२ मार्चपर्यंत. नकलेचे २० फेब्रुवारी ते ६ मार्च हे १५ दिवस वगळले की २७ मार्च. तयार नक्कल न उचलता पडून राहिली तर ते दिवस मिळत नाहीत. विलंब २८ मार्चपासून मोजा.

वकिलाच्या हलगर्जीपणाचं कारण चालतं. एन. बाळकृष्णन प्रकरणात (१९९८) सर्वोच्च न्यायालयाने ८८३ दिवसांचा विलंब माफ केला; दिवस किती यापेक्षा खुलासा पटतो का, हे बघायचं, असं तिथे ठरलं. म्हणून सगळेच अर्ज मंजूर होतात असं नाही. पथापती सुब्बा रेड्डी प्रकरणात (२०२४) ५,६५९ दिवसांचा विलंब माफ झाला नाही. तुमच्या बाबतीत अडचण अशी की नक्कल वकिलांनीच काढली आहे, म्हणजे निकाल त्यांना माहीत होता. त्यांचं शपथपत्र मिळालं तर उत्तम. नाही मिळालं तर निकालाआधी त्यांच्याशी केलेले फोन, मेसेज, पत्रं जोडा. तुम्ही चौकशी करत होता हे त्यातून दिसायला हवं.

एक गोष्ट मुंबईकरांसाठी. दिवाणी न्यायालयांना मे महिन्यात सुट्टी असते. मुदत सुट्टीत संपत असेल तर न्यायालय उघडेल त्या दिवशी दाखल केलेलं अपील मुदतीत धरतात. सुट्टीआधीच संपली असेल तर सुट्टीचा आधार नाही. प्रांत कार्यालय मे महिन्यातही चालू असतं.

प्रश्न : जिल्हा न्यायालयातही हरलो तर मुंबईला खेटे घालावे लागतील का?

उत्तर : रत्नागिरी आणि सिंधुदुर्गकरांना नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून हे दोन्ही जिल्हे उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे आहेत, रायगड मुंबईकडेच. दुसऱ्या अपिलाला ९० दिवस मिळतात, पण ते कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावरच चालतं. पुरावा पुन्हा तपासून घेण्यासाठी तिकडे जाऊ नका.