पडद्यावर दिसलेली ‘मी’

‘चित्रफितीत मी इतकी अवघडलेली दिसते, तर लोकांना मी रोज अशीच दिसत असेन का?’ हा प्रश्न माझ्याकडे अनेकजण घेऊन येतात. त्यांपैकी एका तरुणीचा हा अनुभव. तिची ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.

तिने एका प्रायोगिक लघुपटात भाग घेतला होता. त्यात दोन अनोळखी व्यक्ती चार मिनिटे न बोलता एकमेकींकडे पाहत बसतात आणि नंतर, समोरचीला आपण कशा दिसलो असू, हे प्रत्येकीने एकटीने कॅमेऱ्याला सांगायचे असते. कच्चे संकलन पाहून तिने आपला भाग काढून टाकण्याची विनंती केली आणि त्यानंतर ती लोकांत मिसळणेही टाळू लागली.

आपल्याला स्वतःचा चेहरा आरशातला, म्हणजे डावे-उजवे उलटलेला, सवयीचा असतो आणि स्वतःचा आवाज कवटीच्या हाडांतून येणाऱ्या कंपनांसह ऐकू येतो, म्हणून चित्रण परके वाटते, हे मी तिला सांगितले. तिला ते पटले, पण लाज कमी झाली नाही. नुसत्या माहितीने ती क्वचितच ओसरते.

क्लार्क आणि वेल्स या मानसशास्त्रज्ञांनी १९९५ मध्ये मांडलेल्या सामाजिक भीतीच्या (लोक आपल्याला काय म्हणतील या तीव्र भीतीच्या) प्रारूपानुसार, लोकांच्या नजरेसमोर असताना माणसाचे लक्ष आत वळते आणि छातीतली धडधड, चेहऱ्यावरची उष्णता यांवरूनच तो आपले बाह्य रूप मनात रंगवतो. म्हणून चित्रण पुन्हा पाहण्याआधी मी तिला, नेमके काय आणि किती ठळक दिसेल, ते लिहायला सांगितले. ‘हात थरथरताना दिसतील : दहापैकी नऊ,’ असे तिने लिहिले. मग स्वतःला एखाद्या अनोळखी व्यक्तीप्रमाणे, केवळ डोळ्यांना दिसेल तेवढेच नोंदवत पाहायचे, असे आम्ही ठरवले. पाहून झाल्यावर तिने त्याच ओळीपुढे तीन हा आकडा लिहिला. तो शून्य नव्हता, हे मला महत्त्वाचे वाटते. हात थोडे थरथरत होतेच आणि ते नाकारून तिला खोटा धीर देणे मला योग्य वाटले नसते.

तिसऱ्या वेळी मी तिला फक्त समोरच्या स्त्रीकडे पाहायला सांगितले. ती स्त्री सबंध वेळ आपला अंगठा मुठीत दाबून बसली होती. ‘चार मिनिटे मी हिच्याकडे पाहत होते,’ ती हळूच म्हणाली, ‘आणि हे मला दिसलेच नाही.’

पुढच्या आठवड्यात तिने विनंती मागे घेतली. स्वतःचा आवाज तिला अजून आवडत नाही. त्यावर आमचे काम चालू आहे.