गावची जमीन: दोन कोर्टं जिंकलो, आता परत हायकोर्ट?

प्रश्न: नमस्कार. आम्ही भांडुपला राहतो, गाव कणकवली तालुक्यात. आजोबांनी घेतलेली कलमांची बाग आहे, रजिस्टर खरेदीखत त्यांच्या एकट्याच्या नावावर. ते मुंबईत गिरणीत होते म्हणून बाग चुलत भावाला राखायला दिली. आता त्याची मुलं म्हणतात बाग आमचीच, सातबाऱ्यावर पण त्यांचं नाव लागलंय. मालकी आणि कब्जा दोन्हीचा दावा आम्ही कणकवलीत जिंकलो, जिल्हा कोर्टाने तोच निकाल कायम ठेवला, तर आता त्यांनी सेकंड अपील टाकलंय म्हणे, नोटीस अजून आली नाही. बाबांना रात्र रात्र झोप नाही. परत सगळे साक्षीदार उभे करायचे का? आणि हायकोर्ट फोर्टला, म्हणजे निदान जवळ तरी पडेल ना?
– एक वाचक भगिनी, भांडुप

उत्तर: ताई, आधी बाबांना सांगा की साक्षीदार परत उभे करायचे नाहीयेत. पहिलं अपील वेगळं असतं, तिथे जिल्हा कोर्ट पुरावे, कागद, साक्षी सगळं नव्याने तपासू शकतं आणि ते तुमच्याकडे झालेलं आहे. सेकंड अपील दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 100 खाली, आणि 1976 च्या दुरुस्तीपासून तिथे फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच हायकोर्ट हात घालतं, तो प्रश्न शब्दात मांडावा लागतो, तसा प्रश्नच निघत नाही असं तुमचे वकील सुनावणीत सांगू शकतात. बाग कोणी राखली, काजू-आंबे कोणी उतरवले, गडगा कोणी घातला, यावर दोन्ही कोर्टांचं एकमत असेल तर हायकोर्ट सहसा ते उकरत नाही. अपवाद आहे, पुरावाच नसताना काढलेला निष्कर्ष किंवा महत्त्वाचा कागद बघितलाच नाही असं दिसलं तर मात्र बघतं.

सातबाऱ्याची धास्ती खूप लोकांना असते, मला नेहमी वाईट वाटतं कारण त्या एका कागदापायी माणसं हक्क सोडून देतात. सातबारा मुळात महसुलासाठी, त्यातली नोंद खरी धरून चालतात पण उलट पुरावा आला की ती टिकत नाही, आणि फेरफाराने कोणी मालक होत नाही हे सुप्रीम कोर्टाने कितीतरी वेळा सांगितलंय. तुमच्याकडे रजिस्टर खरेदीखत आहे ते जपा.

आता ते लोक जोर कशावर देतील, तर बहुतेक 12 वर्षांच्या वहिवाटीवर. इथे नीट लक्ष द्या. मालकाच्या परवानगीने राखायला घेतलेली जमीन कितीही वर्षं कसली तरी नुसत्या वर्षांनी तो कब्जा विरोधी होत नाही, मालकाला कळेल अशा उघड पद्धतीने 'ही माझी' म्हणून हक्क सांगावा लागतो आणि 12 वर्षं तिथून मोजतात, ते सिद्ध करायचं ओझं त्यांच्यावर. म्हणून आजोबांनी राखायला दिल्याचं जे काही साक्षीत आलंय, एखादं जुनं पत्र, मनीऑर्डर, गावातल्या कोणाची साक्ष, त्याची पानं वकिलांना काढून ठेवायला सांगा, माझ्या मते तुमची केस तिथेच उभी आहे.

हायकोर्ट मात्र फोर्टला नाही. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला हायकोर्टाचंच सर्किट बेंच, म्हणजे तिथे बसणारं खंडपीठ, सुरू झालंय आणि रत्नागिरी, सिंधुदुर्ग दोन्ही जिल्हे तिकडे गेलेत, त्यामुळे भांडुपहून लांबच पडणार. पण बाबांनी दर तारखेला जायची गरज नसते, वकील बोलतात.

नोटीस आली नाहीये तर या आठवड्यातच कॅव्हेट टाका, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज, म्हणजे तुम्हाला न ऐकता त्यांना स्टे (निकालाला स्थगिती) मिळायला नको, ते 90 दिवस चालतं, संपलं की परत टाका. आणि एक, अपील टाकलं म्हणजे आपोआप स्टे होत नाही. स्टे नसेल तर कब्जा मिळवायची दरखास्त कणकवलीच्या कोर्टात आताच लावता येते. त्याला 12 वर्षांची मुदत असते खरी, पण तेवढं थांबू नका, बाबांच्या हयातीत त्यांचं पाऊल त्या बागेत पडायला हवं. जिल्हा कोर्टाच्या निकालाची सर्टिफाईड कॉपी हातात नसेल तर उद्याच अर्ज करा.