५० लाखांचं गृहकर्ज २० वर्षांसाठी घेतलं, तर एकूण किती फेडावे लागतात?

व्याजदर ८.५ टक्के धरला तर सुमारे १ कोटी ४ लाख रुपये, म्हणजे मुद्दलापेक्षा व्याजच जास्त. बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्या आणि पहिली ओळ वाचा: ४३,३९१ रुपयांच्या हप्त्यातले ३५,४१७ व्याजाला, मुद्दलाला जेमतेम ७,९७४. म्हणूनच सुरुवातीच्या वर्षांत भरलेला जादा पैसा सगळ्यात कामाचा. दरवर्षी एक हप्ता जास्त भरलात तरी कर्ज तीनेक वर्षं आधी फिटतं, आणि फ्लोटिंग, म्हणजे वेळोवेळी बदलणाऱ्या, दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर त्यासाठी दंड लावायला रिझर्व्ह बँकेची मनाई आहे. मात्र हा हिशोब दर स्थिर धरून केलाय. दर वाढला की बँका बहुधा हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवतात, तेव्हा दरवर्षी उरलेले महिने मोजून बघाच.