भातखाचरात सापडलेले कासव समुद्रात सोडावे का? ही जात फक्त कोकणातच आढळते का?

रत्नागिरीजवळच्या आपल्या मळ्यात लावणीच्या वेळी वीतभर लांबीचे, मऊ पाठीचे कासव सापडले असून घरची मंडळी ते किनाऱ्यावर नेऊन सोडण्याच्या विचारात आहेत, असे आपण लिहिले आहे. ते कृपया समुद्रात सोडू नका. वेळास आणि आंजर्ल्याच्या किनाऱ्यांवर अंडी घालायला येणारी ऑलिव्ह रिडले कासवे वेगळी. त्यांचे पाय वल्ह्यासारखे चपटे असतात. आपल्या छायाचित्रात मात्र बोटांमधला पडदा आणि पायाची तीन नखे स्पष्ट दिसतात. हे गोड्या पाण्यातले फ्लॅपशेल कासव आहे, शास्त्रीय नाव लिसेमिस पंक्टाटा. पोटाकडून पाहिल्यास मागच्या बाजूला कातडीच्या दोन झडपा दिसतील. घाबरले की पाय आत ओढून ते या झडपा मिटून घेते.

ही जात केवळ कोकणातली नाही. पाकिस्तानातील सिंधू खोऱ्यापासून भारत, नेपाळ, बांगलादेश आणि श्रीलंकेपर्यंत तिचा वावर आहे. इंटरनेटवर पिवळ्या ठिपक्यांच्या पाठीची जी छायाचित्रे दिसतात ती बहुधा सिंधू-गंगेच्या खोऱ्यांतील उपजातीची असतात. आपल्याकडील उपजातीची पाठ तपकिरी-हिरवट आणि बिनठिपक्यांची असते, त्यामुळे ओळख पटवताना आपला गोंधळ झाला असल्यास नवल नाही.

एवढ्या मोठ्या प्रदेशात पसरलेल्या या प्राण्याला कोकणात मात्र जागा बेताचीच मिळते. आपल्या नद्या आखूड. सह्याद्रीवरून उतरलेले पाणी पावसाळ्यात लोंढ्याने धावते आणि खाली भरतीचे खारे पाणी खाडीतून बरेच आत शिरते. या कासवाला हवे असते संथ, उथळ, गोडे पाणी आणि अंग पुरता येईल असा मऊ चिखल. ते त्याला मिळते मळ्यांत, देवळाच्या तळ्यांत, व्हाळांच्या म्हणजे ओढ्यांच्या डोहांत आणि पाटाच्या कडेच्या पाणथळीत. बेडूक, मासे, गोगलगायी, किडे, पाणवनस्पती आणि मेलेले जनावर, असे त्याचे खाणे असल्यामुळे भातखाचर म्हणजे त्याच्यासाठी वाढून ठेवलेले ताटच.

मग शिमग्यानंतर मळे भेगाळतात तेव्हा ते जाते कुठे, हा प्रश्न मलाही पडत असे. काही वर्षांपूर्वी एप्रिलमध्ये आमच्या वाडीतल्या तळीचा गाळ काढताना फावड्याला काहीतरी लागले. वरचा थर पापडासारखा वाळून उचकटला होता, पण हातभर खाली ओल होती आणि तिथे हे महाशय झडपा मिटून स्वस्थ बसले होते. पाणी आटले की चिखलात पुरून घेऊन ते असा उन्हाळा काढते, आणि पाऊस पडला की पुन्हा बाहेर येते. आपल्याला ते लावणीच्या दिवसांत दिसले यात म्हणूनच आश्चर्य नाही. गाळ काढायचा असल्यास यंत्राने सगळी तळी एकदम खरवडू नये, असे माझे तेव्हापासून स्पष्ट मत झाले आहे.

आपल्याच परिसरात कठीण पाठीचे एक काळे कासवही आढळते. त्याच्या पाठीवर डोक्याकडून शेपटीकडे जाणारे तीन कंगोरे असतात आणि त्यांवरूनच त्याला मेलानोकेलिस ट्रायजुगा म्हणतात. आपले कासव मऊ पाठीचे असल्यामुळे ते हे नव्हे.

आता करायचे काय? वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ च्या पहिल्या अनुसूचीत या कासवाचा समावेश असल्याने ते पाळणे हा गुन्हा ठरतो. जखम दिसत असेल तर वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावे. धडधाकट असेल तर सापडले त्याच मळ्याच्या बांधावर सोडावे. तिथे पॉवर टिलर चालू असल्यास जवळच्या तळीवर न्यावे. विहिरीत मात्र सोडू नये. पाणी स्वच्छ राहते म्हणून आमच्याकडेही पूर्वी विहिरीत कासव ठेवत, पण मादी अंडी घालते ती काठच्या मातीत खड्डा करून आणि विहिरीच्या उभ्या भिंतीवरून तिला वर येता येत नाही. तळीसुद्धा चारही बाजूंनी चिऱ्यांनी बांधून काढलेली नको. जिथे एखादा तरी काठ गवताचा आणि उतरता आहे अशीच निवडावी.