एकाच गहाणखतावर सावकाराला दुसऱ्यांदा दावा लावता येतो का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: वडिलांनी २०१२ मध्ये धनकवडीचा फ्लॅट एका खासगी माणसाकडे नोंदणीकृत नजरगहाण (ताबा आपल्याकडेच ठेवून गहाण) ठेवला. पैसे मार्च २०१५ पर्यंत फेडायचे होते. २०१७ मध्ये त्याने फक्त थकलेल्या व्याजासाठी दावा लावला आणि तो दावा ‘निघून गेला’. आता वडील नाहीत, आणि मुद्दलासाठी फ्लॅट विकून मिळावा म्हणून दुसरा समन्स आला आहे.

मी वकील नाही. शिवाजीनगरच्या कोर्टात एकवीस वर्षे वकिलांकडे कारकुनी करतोय, त्या अनुभवावर लिहितो. तुमची बाजू लंगडी नाही. पण ती जुन्या दाव्याच्या कागदांवर उभी आहे आणि ते कागद अजून तुमच्या हातात नाहीत.

दिवाणी प्रक्रिया संहितेत, म्हणजे १९०८ च्या कायद्यात, आदेश २ नियम २ आहे. एका कारणातून जेवढे मागणे निघते तेवढे सगळे एकाच दाव्यात मागायचे. त्यातले काही सोडले, तर सोडलेल्या भागासाठी पुन्हा दावा नाही. कायद्याने उदाहरणही दिले आहे. भाडेकरूकडे १९०५, १९०६ आणि १९०७ अशा तीन वर्षांचे भाडे थकले आहे. मालकाने १९०८ मध्ये फक्त १९०६ च्या भाड्याचा दावा केला, तर बाकीच्या दोन वर्षांचे भाडे तो नंतर मागू शकत नाही. तुमच्याकडे २०१७ मध्ये मुद्दल आणि व्याज दोन्ही देय होते, आणि त्याने व्याजच मागितले. मुद्दलाची तारीख पुढची असती तर गोष्ट वेगळी होती, म्हणून गहाणखतातली फेडीची तारीख स्वतः वाचून घ्या.

समोरचा वकील आदेश ३४ नियम १४ दाखवेल. गहाणाच्या रकमेचा हुकूमनामा (पैसे देण्याचा कोर्टाचा निकाल) मिळालेल्या धनकोला मिळकत विकण्यासाठी वेगळा दावा लावता येतो आणि तिथे आदेश २ नियम २ आड येत नाही, असे तो नियम म्हणतो. पण त्याचे शब्द हुकूमनामा मिळालेल्याबद्दल आहेत. तुमच्या सावकाराला तो मिळालेलाच नाही. हा मुद्दा वकिलांना आवर्जून सांगा.

आता ‘निघून गेला’ म्हणजे नक्की काय झाले? त्या तारखेला वडील हजर आणि सावकार गैरहजर असेल, तर आदेश ९ नियम ९ नुसार त्याच कारणावर नवा दावा चालत नाही. त्याने तोच दावा पुन्हा बोर्डावर घेण्याचा अर्ज करायला हवा होता. दोघेही गैरहजर असतील तर नियम ४ त्याला नव्याने यायची मुभा देतो. कोर्टाची परवानगी घेऊन दावा मागे घेतला असेल तरीही तो परत येऊ शकतो. दोन्ही बाजू तपासून गुणदोषावर निकाल झाला असेल तर संहितेचे कलम ११ लागते, म्हणजे निकाल लागलेला वाद पुन्हा चालवता येत नाही. वडील तारखांना स्वतः जायचे असे तुम्ही लिहिलेत, म्हणून मला पहिली शक्यता जास्त वाटते.

हे लिहिताना मला माझे मामा आठवतात. कसब्यातले दोन खोल्यांचे घर, गहाण, तसाच दुसरा दावा. त्यांच्या वकिलांनी कैफियतीत, म्हणजे दाव्याच्या लेखी उत्तरात, ‘यापूर्वी दावा झाला आहे’ एवढेच लिहिले, जुन्या वादपत्राची (दावा लावतानाच्या मूळ कागदाची) नक्कल दाखल केली नाही. पहिल्या दाव्याला कारण काय होते हेच समोर नाही, तर आक्षेप मान्य कसा करायचा, असे न्यायाधीशांनी विचारले. सर्वोच्च न्यायालयाने १९६४ मध्ये गुरबक्ष सिंग विरुद्ध भूरालाल या प्रकरणात हेच सांगितले आहे: आधीचे वादपत्र पुराव्यात आल्याशिवाय हा बचाव सिद्ध होत नाही. मामांचे घर गेले. नक्कल मिळवायला चार दिवस पुरले असते.

मुदतीवर मात्र विसंबू नका. गहाणाच्या पैशासाठी मिळकतीवर दावा लावायला बारा वर्षे असतात, म्हणजे मार्च २०२७ पर्यंत. तीन वर्षे ऐकली असतील, ती अंगावरच्या, म्हणजे तारण नसलेल्या, कर्जाची. आणि ‘थोडे देऊन मिटवू’ म्हणत कुठल्याही कागदावर सही करू नका. मुदत संपण्याआधी सही करून कर्ज कबूल केले की मुदत पुन्हा पहिल्यापासून मोजतात. समोरचा व्याजाचाच धंदा करत असेल तर २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी कायद्याखालचा परवाना मागा.

एक कटू गोष्टही सांगतो. दावा बाद झाला म्हणून गहाण सुटत नाही. इंडेक्स टूवर, म्हणजे नोंदणी कार्यालयातल्या नोंदीत, ते राहतेच. फ्लॅट मोकळा करायला शेवटी तडजोड किंवा गहाण सोडवून घेणे हाच रस्ता उरतो.

समन्स मिळाल्यापासून कैफियतीला तीस दिवस असतात, कोर्ट नव्वदपर्यंत वाढवू शकते. ई-कोर्ट्स या कोर्टांच्या संकेतस्थळावर वडिलांच्या नावाने जुना नंबर शोधा आणि लगेच नकलेचा अर्ज द्या, कारण जुने कागद कोर्ट कायम ठेवत नाही. अर्जात निशाणी १ म्हणजे वादपत्र, शेवटचा हुकूम आणि रोजनामा (प्रत्येक तारखेला काय झाले त्याची कोर्टाची नोंद), तिन्ही मागा. रोजनाम्यात शेवटच्या तारखेखाली हजर कोण लिहिले आहे ते इथे कळवा, मग पुढचे सांगतो.