कालमणीत वेळ भरते कुठून?

तुमच्या कथेत नाशिकजवळच्या खाणीत ‘कालमणी’ सापडतो. त्याच्यावर अंबडच्या कारखान्यातलं यंत्रही चालतं आणि त्र्यंबकच्या गुरुजींचा मंत्रही. हे वाचकाला पटावं म्हणून स्फटिकाचं रासायनिक सूत्र द्यावं का, असं तुम्ही विचारलंय. माझ्या मते देऊ नका. सूत्र कोणी वाचत नाही, हिशेब मात्र सगळे तपासतात. नायक तीन तास मागे गेला तर ते तीन तास कुणाच्या खात्यातून वळते झाले? एवढं ठरलेलं असेल तर दगड निळा की हिरवा, याने काही बिघडत नाही.

हिशेबासाठी फार लांब जायला नको. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी इथे लाव्हाचे थरावर थर पसरले. लाव्हा थिजताना वायूचे बुडबुडे आत अडकले आणि पोकळ्या राहिल्या. पुढे कधीतरी खडकातून झिरपणाऱ्या गरम पाण्याने त्या पोकळ्यांत खनिजं आणून बसवली. विहीर खोदताना किंवा खडीच्या खाणीत सुरुंग उडवल्यावर अशी पोकळी फुटते आणि आत पेंढी बांधल्यासारखे पीच रंगाचे स्टिलबाइट, सुईसारखे पांढरे स्कोलेसाइट दिसतात. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात हे सगळं काचेआड मांडलेलं आहे. लिहायच्या आधी एक दुपार तिथे घालवा.

ही दोन्ही खनिजं झिओलाइट गटातली. या गटाची गंमत अशी की स्फटिकाच्या सांगाड्यातच बारीक वाटा असतात आणि त्यांत पाणी असतं. तापवलं की पाणी वाफ होऊन निघून जातं, सांगाडा उभाच राहतो. थंड होऊ दिलं की हवेतला ओलावा तो पुन्हा आत घेतो. पण उष्णता अति झाली तर याच गटातल्या हेउलंडाइटसारख्या खनिजाचा सांगाडाच कोसळतो, मग तो पुन्हा भरत नाही. आता पाण्याच्या जागी वेळ घाला. कालमणी वेळ तयार करत नाही, धरून ठेवतो. रिकामा झाला की आसपासची वेळ ओढून घेतो. ज्या घरात रिकामा मणी ठेवलाय तिथली माणसं लवकर म्हातारी होतील, दूध लवकर नासेल, परीक्षेचा पेपर अर्धा राहील. खलनायक शोधायची गरजच उरत नाही.

दुर्मिळपणालाही कारण लागतं. नुसतं ‘जगात एकच’ म्हटल्याने भागत नाही. पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींतला निळा कॅव्हन्साइट बघा. त्याला कॅल्शियम आणि सिलिका लागतं, ते आपल्या खडकात मुबलक. पण व्हॅनेडियमही लागतं, आणि ते नेमक्या त्या पोकळीपर्यंत, नेमक्या त्या वेळी पोचावं लागतं. असे दोन-तीन योग एकत्र यावे लागतील अशी अट कालमणीलाही घाला.

क्वार्ट्झचा मोह मात्र आवरा. घड्याळातला क्वार्ट्झ सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. हा आकडा पंधरा वेळा निम्मा केला की बरोबर एक उरतो, म्हणून तो निवडलाय. तो वेळ मोजतो, साठवत नाही. आणि २०१२ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ फ्रँक विल्चेक यांनी ज्यांची कल्पना मांडली ते ‘टाइम क्रिस्टल’, म्हणजे ठरावीक काळाने पुन्हा पुन्हा त्याच स्थितीत येणाऱ्या रचना, नावाला कितीही मोहक असले तरी त्यांतून ऊर्जा काढता येत नाही. तुमच्या यंत्राच्या टाकीत ते ओतू नका, एखादा भौतिकशास्त्राचा विद्यार्थी तुमची पिसं काढेल.

यंत्र आणि मंत्र यांना वेगवेगळे नियम देण्याची चूक बरेच जण करतात. दोघांनी एकाच गुणावर काम करावं. अंबडचा फिटर मण्याला भट्टीत तापवतो: वेळ भसकन बाहेर पडते, काम पटकन होतं, सांगाडा कोसळायची भीती कायम. गुरुजी तेच सावकाश करतात. त्यांच्यासाठी तयार साधन आहे, घनपाठ, म्हणजे वेद म्हणण्याची एक पद्धत. त्यात शब्द सरळ क्रमाने जात नाहीत: एक-दोन, दोन-एक, एक-दोन-तीन, तीन-दोन-एक, एक-दोन-तीन. पुढे जायचं, मागे यायचं, परत पुढे. काळ वाकवणारा मंत्र याहून वेगळा कशाला शोधायचा? त्यांचं मोजमापही निराळं ठेवा. फिटर सेकंदात बोलेल. गुरुजी पळांत, म्हणजे २४ सेकंदांत, आणि घटिकेत, म्हणजे २४ मिनिटांत. दोघांना एकत्र काम करावं लागलं की तिथे भांडण आपोआप उभं राहील.

आता मणी मुळात भरला कसा? इथे नाशिकसारखी दुसरी जागा नाही. गुरू सिंह राशीत आला की सिंहस्थ. आपण बारा वर्षांनी म्हणतो, पण गुरूची प्रदक्षिणा ११.८६ वर्षांचीच आहे. दर फेरीला सुमारे ५० दिवस शिल्लक पडतात. साठत साठत साधारण ८५ वर्षांत त्यांचं एक अख्खं वर्ष होतं, म्हणून मधूनच एखादा सिंहस्थ अकरा वर्षांवर येतो. २००३, २०१५ आणि आता २०२६-२७ हा क्रम बघा. पंचांगवाले हे कोळून प्यायलेत, त्यांना यात नवल नाही. तुमच्या कथेत मात्र ते शिल्लक दिवस ब्रह्मगिरीच्या पोटातल्या पोकळीत मुरत राहिले, असं धरा. मग एका मण्यात किती वेळ मावते, तो पुन्हा भरायला किती पिढ्या लागतात, एका भट्टीत किती दिवस जळून जातात, सगळं बोटांवर मोजता येईल.

म्हणून पहिल्या प्रकरणात तुम्ही घातलेला स्फोट काढून टाका आणि कथा २०२६ च्या पावसाळ्यात सुरू करा. फिटरला मणी लगेच तापवायचाय, ऑर्डरची तारीख जवळ आलीय. गुरुजींना सिंहस्थ लागेपर्यंत तो भरू द्यायचाय. मणी सापडलाय त्या खाणीच्या मालकाला यातलं काहीच ठाऊक नाही. त्याला तो मुंबईच्या व्यापाऱ्याला विकायचाय, आणि व्यापारी शनिवारी येणार आहे.