राज्याचीच रेल्वे, राज्याचाच कायदा, मग अडतंय कुठं?

प्रश्न : कॅलिफोर्नियातल्या हायस्पीड रेल्वेबद्दल वाचायला घेतलं की 'सीक्वा' या राज्याच्या पर्यावरण कायद्याच्या केसेस निघतातच. पण अमेरिकेत रेल्वे केंद्राच्या अखत्यारीत ना? मग राज्याचा कायदा मधे येतो कसा?

उत्तर : तुमचं अर्धं बरोबर आहे, आणि उरलेल्या अर्ध्यावर वकिलांची कित्येक वर्षं गेलीयत. 1995 च्या केंद्रीय कायद्यानं रेल्वेचं नियमन सरफेस ट्रान्सपोर्टेशन बोर्ड या केंद्राच्या संस्थेच्या हातात दिलं आणि राज्यांना त्यातून जवळपास बाहेरच काढलं. म्हणजे खासगी मालगाडी कंपनीला रूळ टाकायचेत, तर 'आधी आमची पर्यावरण परवानगी आणा मग कुदळ मारा' असं राज्य म्हणू शकत नाही, नाहीतर वाटेतलं प्रत्येक गाव गाडी अडवून बसेल. सीक्वा हा राज्याचा 1970 चा कायदा, प्रकल्पाआधी परिणामांचा अहवाल करायचा, आणि अहवाल कच्चा वाटला की लोक थेट कोर्टात. खरी मेख इथंय.

फ्रेस्नो ते बेकर्सफील्ड टप्प्यावर अशा केसेस साचल्या तेव्हा हायस्पीडवाले (म्हणजे राज्याचीच संस्था) स्वतःच बोर्डाकडे गेले, की आम्हाला आमच्याच राज्याच्या कायद्यातून सोडवा! (हे वाचून मला हसूच आलं होतं.) डिसेंबर 2014 मधे बोर्डानं त्यांच्या बाजूनं मत दिलं.

पण 2017 मधे कॅलिफोर्नियाच्या सुप्रीम कोर्टानं वेगळंच सांगितलं. केस दुसऱ्याच मार्गाची होती, ईल नदीच्या खोऱ्यातून जाणारा जुना मालगाडीचा मार्ग, 1998 मधे बंद पडलेला, ठिकठिकाणी दरडी कोसळलेल्या, आणि मालक राज्याचीच एक सरकारी संस्था. कोर्ट म्हणालं, खासगी मालक स्वतःच्या कंपनीला नियम घालून घेऊ शकतो ना, की अमुक अभ्यास झाल्याशिवाय काम सुरू करायचं नाही? मग राज्य मालक असेल तर त्यानं स्वतःला सीक्वा लावून घेतला यात केंद्राच्या अधिकारावर गदा कुठं येते? निकाल 6 विरुद्ध 1. मला हा युक्तिवाद पटतो, कारण इथं राज्य दुसऱ्याला अडवत नाहीये, स्वतःलाच आवरतंय. त्या मार्गावर गाड्या चालवणाऱ्या खासगी कंपनीवर मात्र सीक्वाचा बडगा उगारता येणार नाही, तेही कोर्टानं सांगितलं.

प्रश्न : म्हणजे खासगी रेल्वेला रान मोकळं?

उत्तर : छे, केंद्राचे पर्यावरण कायदे आहेतच की. नदीत किंवा पाणथळीत भराव टाकायचा तर आर्मी कोरची (लष्कराच्या अभियंता विभागाची) परवानगी लागते, आणि नवीन मार्गाचा परिणाम बोर्डालाच तपासावा लागतो. युटातल्या 88 मैलांच्या तेलवाहू मार्गासाठी बोर्डानं 3,600 हून जास्त पानांचा अहवाल केला, तरी अपील कोर्टानं 2023 मधे तो अपुरा ठरवला, कारण गाडीमुळे वाढणारं तेल उत्खनन आणि पुढचं रिफायनिंग त्यात नीट तपासलं नव्हतं. मे 2025 मधे अमेरिकेच्या सुप्रीम कोर्टानं ते 8-0 नं फिरवलं, बोर्डानं रेल्वेपुरतं बघितलं तरी चालेल म्हणून. आठातल्या तिघांनी कारण मात्र वेगळं दिलं.